एक वेणी, तीन देवी

अरिशतने नवस बोलताना पुढचा विचार केला नव्हता, हे खरंच. पण नवरा समुद्रात बेपत्ता असताना कुठली बाई विचार करत बसते? कितिऑनच्या बंदरावर जेवढ्या देवी होत्या तेवढ्यांचे पाय तिने धरले. आधी आपली अश्तार्त, मग मिसरी वस्तीतली शिंगांची हाथोर, मग यवनांची ती उघडी आफ्रोदिती. तिघींनाही एकच कबूल केलं. माझा बोदो परत येऊ दे, डोकं भादरून केस वाहीन.

बोदो आला, आणि वर जाडा होऊन आला. अरिशतने अश्तार्तच्या देवळातल्या न्हाव्याकडून वेणी उतरवली. गुळगुळीत डोक्यावरून हात फिरवत घरी येते, तो दारात मिसरी पुजारी. आमचे केस कुठायत म्हणे. त्याच्यामागे यवनांची पुजारीण, टोपली घेऊनच आलेली.

नवस फेडला नाही तर देवी दिलेलं परत घेते, आणि दिलेलं म्हणजे बोदो.

दोघांना घेऊन ती अश्तार्तच्या पुजाऱ्याकडे गेली. गेल्या जत्रेत तुम्हीच सांगत होता ना, म्हणाली, की देवी एकच, नुसते मुकुट वेगळे? मग वाहिलेले केस तिघींना पोचले. पुजारी खूश झाला, केस त्याच्याकडेच होते. मिसरी म्हणाला, एकच आहे तर केस माझ्या देवळात ठेवा, काय बिघडतं? त्यावर पुजाऱ्याचं म्हणणं पडलं की एक आहे, पण इतकी एक नाही. चार दिवस हाच घोळ. मिसरी तर रोज सकाळी येऊन तिच्या टाळूवर बोट फिरवून किती उगवले ते बघायचा.

पाचव्या दिवशी ठरलं. देवी एकच, वेणी चार-चार महिने प्रत्येकीकडे राहील, नवस फिटला. अरिशत हलकी होऊन घरी आली, तर अंगणात बोदो जेवायला बसलेला आणि शेजारी हिमिल्को तांडेल.

"सुटलात म्हणे वहिनी. परवा गलबत सोडतो. दोन वर्षांत येतोच आम्ही."

ज्याच्यासाठी बोललेला नवस बाकी आहे त्याला कुठलाच तांडेल गलबतावर पाय ठेवू देत नाही. पाच दिवस भांडताना हे तिच्या डोक्यातच आलं नव्हतं. बोदो खाली मान घालून पायाचा अंगठा बघत होता. जायचं नाही असं कुठला खलाशी तांडेलाच्या तोंडावर बोलतो?

"कोण म्हणतं फिटला?" अरिशत म्हणाली. "देवी तीन आहेत, तांडेलदादा. दोघींचे केस द्यायचेत अजून."

"अहो, पण पुजारी तर..."

"पुजाऱ्यांना काय कळतंय."

हिमिल्कोने बोदोकडे पाहिलं. बोदोने घसा खाकरला.

"चौथीपण आहे," तो म्हणाला. "वादळात मी कार्थेजच्या तानितला हाक मारली होती."

"आणि तिला काय कबूल केलंस?" तांडेलाने विचारलं.

"हिचेच केस."

खरं बोलत होता की खोटं, देव जाणे. एरवी, माझे केस परस्पर वाहणारे तुम्ही कोण, म्हणून अरिशतने त्याला सोलून काढलं असतं. आज तिने मुकाट्याने त्याच्या पानात आणखी एक मासा वाढला. तांडेल बोटांवर वर्षं मोजू लागला.

"माझे फार सावकाश वाढतात हो," अरिशत म्हणाली.