झीनाची आई

सकाळी नऊला चर्चचा ब्रदर ओरिन यादी वाचून गेला आणि चारला गाडी घेऊन येतो म्हणाला. मधल्या सात तासांत आर्डिथ आणि नेड्रा पीच बरण्यांत भरत बसल्या. दुसरं करणार तरी काय? मागच्या ओसरीवर अकरा पेट्या पीच पिकून पडले होते, आणि घर मोडतंय म्हणून फळ काही थांबत नाही.

दोघींच्या नवऱ्याचं, डेलॉयचं, घर तीन आठवड्यांपूर्वीच मोडलं होतं. रविवारच्या सभेनंतर आमच्या धर्मप्रमुखांनी, प्रेषितांनी, त्याला आत बोलावलं आणि सांगितलं, तुझा धर्माचा आणि घराचा अधिकार काढून घेतलाय, सूर्य मावळायच्या आत गाव सोड, लांब राहून पश्चात्ताप कर. कशाचा, ते सांगितलं नाही. आमच्या कोरल वॉश गावात तसं विचारत नाहीत. निम्मं गाव ज्याने घातलेल्या छपरांखाली झोपतं तो सत्तावन्न वर्षांचा माणूस एक पिशवी पिकअपमध्ये टाकून निघून गेला. मागे राहिल्या दोन बायका आणि सहा मुलं.

पुरुष गेला की त्याची बायकामुलं दुसऱ्या, लायक पुरुषाच्या पदरी घालायची, अशी आता आमच्याकडची रीत. मुलांचं आडनाव त्याच दिवशी बदलतं, भिंतीवरचे फोटो उतरतात. शंभर वर्षांपूर्वी आमच्या पंथाच्या मोठ्या चर्चने सरकारला घाबरून एकापेक्षा जास्त बायका करायचं सोडलं, तेव्हा आमचे पणजोबा म्हणाले, जीव गेला तरी आम्ही सोडणार नाही. ते या लाल कड्यांच्या आडोशाला येऊन राहिले, तुरुंगात गेले, पण एकाही बायकोचा हात सोडला नाही. आणि त्यांच्या पणतवंडांच्या बायका आता कागदावरून वाटल्या जातात. म्हातारे थडग्यात कूस बदलत असतील.

यादी अशी होती: नेड्रा आणि तिची पाच मुलं डेलॉयच्या धाकट्या भावाकडे, दोन गल्ल्या पलीकडे. तो सकाळीच येऊन मुलांना घेऊनही गेला. आर्डिथ आणि तिची एकुलती एक मुलगी झीना, वय आठ, कॅनडातल्या वसाहतीत कुणा ब्रदर लेग्रँडकडे. तिकडे गेलेली बाई परत आल्याचं गावात कुणाला आठवत नाही.

पण झीना आर्डिथच्या पोटची नव्हती. ती नेड्राची होती.

एकोणीस वर्षांपूर्वी नेड्रा या घरात आली ती सतरा वर्षांची. लग्नात थोरलीने धाकटीचा हात धरून आपल्याच नवऱ्याच्या हातात द्यायचा असतो. आर्डिथने तो दिला. देताना कानात म्हणाली होती, "हात किती गार गं तुझे! भिऊ नकोस, मी खात नाही कुणाला." आणि दुसऱ्याच दिवशी कोठीला कुलूप लावून किल्ली कमरेला खोचली. चार वर्षं त्या दोघी मिठावरूनसुद्धा भांडल्या. मग तिसऱ्या बाळंतपणात नेड्रा मरता मरता वाचली. आर्डिथ नऊ दिवस तिच्या उशाशी बसून होती, तिचं रक्ताचं कापडन् कापड स्वतः धूत होती. दहाव्या दिवशी किल्ली काढून नेड्राच्या उशाखाली ठेवली. तेव्हापासून नेड्रा तिला ताई म्हणायला लागली.

आर्डिथची स्वतःची कूस अकरा वेळा रिकामी झाली होती. आमच्याकडे मूल नसलेल्या बाईला कुणी तोंडावर बोलत नाही, फक्त तिच्यासाठी मोठ्याने प्रार्थना करतात, ते जास्त लागतं. नेड्राला सहाव्या वेळी दिवस गेले तेव्हा ती म्हणाली, "ताई, हे तुझं." त्या हिवाळ्यात तीन महिने ती घराबाहेर पडली नाही, आणि आमच्या बायकांच्या ढगळ झग्यांत काय लपत नाही! सुईणीने घराण्याच्या नोंदवहीत आईच्या रकान्यात आर्डिथचं नाव लिहिलं. ते नेड्रानेच लिहायला लावलं होतं. गावाला नवल वाटलं, पण बायबलातल्या साराला नव्वदीत झालं, मग हिला शेहेचाळिशीत का होऊ नये, म्हणून गाव गप्प बसलं. झीना आर्डिथला आई म्हणायची आणि नेड्राला नेड्राआई.

"निम्मा पीच सालीबरोबर चाललाय तुझा," आर्डिथ म्हणाली. "एकोणीस वर्षं शिकवतेय."

"ताई, मी ब्रदर ओरिनला सांगणार आहे."

आर्डिथचा चमचा पाकात तसाच राहिला. "काय सांगणार?"

"तुला माहितेय काय ते."

"दिलेलं परत मागतेस? आठ वर्षांनी?"

"तू इथे राहशील म्हणून दिली होती गं! एका छपराखाली राहील म्हणून दिली होती. कॅनडात पाठवायला नव्हती दिली."

आर्डिथने चमचा आपटला. "मग मी तिथे कुणाच्या तोंडाकडे बघून जगू? पंचाहत्तरीचा म्हातारा, त्याच्या नऊ बायका, आणि मी! तुला पाच आहेत, नेड्रा. पाच! मला एकच आहे, तीही उसनी."

नेड्राला रडू फुटलं. दाराच्या वर आमच्या सगळ्यांच्या घरात असतात तेच दोन शब्द भरतकामात टांगलेले होते: गोड राहा. राग आला, गोड राहा. मूल मेलं, गोड राहा. नेड्राला ते फाडून चुलीत घालावंसं वाटलं, आणि तिने डोळे पुसून पुढचा पीच सोलायला घेतला.

बऱ्याच बरण्या भरून झाल्यावर आर्डिथ खाली बसली. एका एका बरणीचं तोंड पुसत राहिली.

"सांग," ती म्हणाली. "इथे तिची भावंडं आहेत. मी नाही म्हणणार नाही. फक्त मी गाडीत बसल्यावर तिला सांगा. माझ्यासमोर नको."

नेड्राने तिच्या चिकट हातांवर आपले चिकट हात ठेवले.

चारला गाडी आली. ब्रदर ओरिन वाईट माणूस नव्हे. हॅट काढून आत आला, पाणी मागितलं, पीचचं कौतुक केलं.

"ब्रदर, यादीत एक चूक आहे," नेड्रा म्हणाली. "झीना माझी आहे. पोटची."

"खरं आहे," आर्डिथ म्हणाली.

ओरिनने पेला हळूच खाली ठेवला. "सिस्टर, ही यादी प्रेषितांना मिळाली आहे. वरून. वरून मिळालेल्या यादीत चूक कशी असेल?"

"नोंदवहीत ताईचं नाव आम्हीच लिहवलं होतं. त्यावरूनच कुणीतरी..."

"नोंदवहीवरून नाही," तो मऊपणे म्हणाला. "वरून."

झीना त्या वहीवरूनच यादीत आली हे त्यालाही कळत होतं. कळून तो घामाने भिजला होता. एक चूक कबूल केली की डेलॉयचं काय, अशाच मोडलेल्या आणखी चाळीस घरांचं काय, असं सगळं त्याच्या कपाळावर दिसत होतं.

"आता मी काय ऐकलं ते मला सांगा," तो म्हणाला. "देवासमोरच्या नोंदीत तुम्ही दोघींनी खोटं लिहवलं असेल, तर दोघींपैकी कुणीच मूल वाढवायच्या लायकीची नाही. मग मुलीला तिसऱ्याच घरी द्यावं लागेल. मला तसं करायचं नाही. म्हणून नीट आठवून सांगा, सिस्टर नेड्रा. मुलगी कुणाची?"

आतल्या दारात झीना उभी होती. हातात पेटी, अंगावर दोन आठवड्यांपूर्वी बाप्तिस्म्याला शिवलेला पांढरा झगा. नेड्रानेच शिवला होता तो. ती किती वेळ तिथे उभी होती, काय काय ऐकलं होतं, देव जाणे.

आर्डिथने नेड्राकडे बघितलं आणि मान हलवली, नको, नको अशी.

"मी खोटं बोलले," नेड्रा म्हणाली. "झीना ताईची आहे. मला हवी होती, म्हणून खोटं बोलले. ताई माझ्या भिडेपोटी हो म्हणाली."

"होतं असं कधी कधी," ओरिन म्हणाला आणि त्याने हॅट घातली. "गोड राहा, सिस्टर."

गाडीपाशी नेड्राने झीनाचा हात धरला. तो हात ऊबदार होता आणि पाकाने चिकट झाला होता, पोरीने बरणीत बोट घातलं असणार. तिने तो आर्डिथच्या हातात दिला. आर्डिथचेच हात आता बर्फासारखे गार होते.

झीना गाडीत चढता चढता थांबली. आठव्या वर्षी बाप्तिस्मा झाला की आमच्याकडे मुलाची पापं मोजायला लागतात, आणि ही पोर त्या बाबतीत फार काटेकोर होती. ती मागे वळली.

"नेड्राआई," ती गंभीरपणे म्हणाली, "तू खोटं बोललीस ना, माझी आई आहेस म्हणून? मी तिकडे रोज प्रार्थना करीन. देव तुला माफ करील."

"कर हं, बाळा," नेड्रा म्हणाली. "विसरू नकोस."