मोन्सेरातबाईंचा मूकपट

ग्लॅडिस मूळची वसईची, बहरीनमध्ये मनामा शहरातल्या एका इस्पितळात नर्स. १९८१ साली दर शुक्रवारी ती शहराबाहेर जनाबियाला मोन्सेरातबाईंकडे जायची. बाई बार्सिलोनाच्या, ऐंशीला टेकलेल्या. इथे इंजिनिअर मुलाकडे राहायला आल्या होत्या. डोळे पूर्ण गेलेले. ग्लॅडिस त्यांना अंघोळ घालायची, केस विंचरायची आणि दोघी मोडक्यातोडक्या इंग्रजीत गप्पा मारायच्या.

बाईंचे वडील मूकपट काढायचे. एकदा मुलाने सुट्टीवरून येताना एक डबा आणला. आजोबांच्या १९०८ सालच्या चित्रपटाची उरलेली दहा मिनिटं, नव्या फिल्मवर उतरवलेली.

“त्यात मी आहे, सहा वर्षांची,” बाई म्हणाल्या. “तू बघ आणि मला सांग.”

ग्लॅडिसचा नवरा पायस हॉटेलात पाहुण्यांना सिनेमे दाखवायचा. मॅनेजरला विचारून त्याने प्रोजेक्टर आणला, पडदे ओढले, भिंतीला चादर लावली. मशीन सुरू झालं तशी माणसं तुरुतुरु पळायला लागली. ग्लॅडिसला हसू आवरेना.

“अगो, स्पीड चुकलं,” पायस म्हणाला. “तेव्हा कॅमेरा हाताने फिरवायचे, हळू.” त्याने खटका सरकवला. माणसं माणसांसारखी चालू लागली.

“समुद्र आहे,” ग्लॅडिस सांगू लागली. “एक कोळीण होडीची वाट बघतेय.”

“माझी आई!”

“तिचा झगा धरून एक मुलगी उभी आहे. आता ती सरळ आपल्याकडे बघतेय.”

बाई खुदकन हसल्या. “पप्पा ओरडले होते, इकडे बघू नकोस म्हणून. तरी त्यांनी ते कापलं नाही!”

“आणि मॅडम, वाळूवर कुणाची तरी सावली पडलीय. डोक्यावर टोपी आहे. हात गोल गोल फिरवतोय.”

बाई पुढे झुकल्या. मग हळूच म्हणाल्या, “पप्पाच. कॅमेरा तेच चालवायचे. आमच्या स्पेनमधल्या यादवी लढाईत घर जळालं, त्यांचा एक फोटो उरला नाही. मला तिथे ने.”

“थांबवता नाही येणार, दिव्याने फिल्म जळेल,” पायस म्हणाला. “पुन्हा लावतो.”

ग्लॅडिसने बाईंना चादरीच्या कडेला उभं केलं, त्यांचा तळहात खाली चादरीवर टेकवला आणि वाट पाहिली.

“आले,” ती म्हणाली.

बाईंची बोटं चादरीवर हलकेच फिरली. मुलगा दारात उभा राहून बघत होता. त्याने ही फिल्म दोनदा पाहिली होती, पण सावली त्याच्या कधी लक्षात आली नव्हती.

पायसने फिल्म पाच वेळा लावली. हॉटेलातून प्रोजेक्टरसाठी फोन आला तेव्हा, “इंशाल्ला, तासाभरात आणतो,” एवढंच सांगून त्याने फोन ठेवला आणि रीळ मागे गुंडाळायला घेतलं.