डाव्या बाजूची छत्री

मी छत्री बोलतेय. पण पावसाचं मला काही विचारू नका, त्याचा माझा संबंध नाही. उभ्या आयुष्यात एक थेंब अंगावर घेतलेला नाही. माझा घेर असा केवढा, फार तर एखाद्या मांजराचं डोकं झाकेल. मी नाचायची छत्री आहे. टोकियोतल्या आमच्या बेसबॉल संघाने धाव काढली की स्टेडियममधले आमचे लोक उठून उभे राहतात, आम्हाला उघडतात आणि गाणं म्हणत डोक्यावर वरखाली नाचवतात. वर आभाळ कोरडं ठणठणीत, खाली हजारो हिरव्या छत्र्या. ज्यांना हा वेडेपणा वाटतो त्यांनी खुशाल आपल्या शहाण्या काळ्या छत्र्या वापराव्यात.

त्या काळ्या छत्र्या मला चांगल्या ठाऊक आहेत. कारखान्यात शेजारच्याच टेबलावर त्या तयार व्हायच्या. आमच्या इवल्याशा काड्या बघून नाकं मुरडायच्या. आता त्यांतल्या निम्म्या रेल्वेच्या हरवलेल्या सामानाच्या खोलीत ढिगाने पडल्या असतील. मला आजवर कुणी कुठे विसरलेलं नाही.

मला विकत घेतलं एइजिरोने. हा गडी लोणचीवाला. तांदळाच्या कोंड्यात काकड्या मुरवून विकायचा, म्हणजे मुरवायची त्याची बायको ताझुको आणि विकायचा हा. दुकानाला कोंड्याचा आंबूस वास, त्याच्या बोटांना तोच वास आणि पहिल्याच दिवसापासून माझ्या मुठीलाही तोच. माणूस भला, पण नाचायचा भयंकर. सगळ्यांच्या छत्र्या वर गेल्या की मी खाली, सगळ्यांच्या खाली आल्या की मी वर. गाणं संपलं तरी आमचं एक वरखाली शिल्लक असायचंच. ताझुको शेजारी बसून म्हणायची, "अहो, लोक बघतायत." तो म्हणायचा, "बघायलाच तर आलेत."

तिकिटं तोच काढायचा. ताझुकोने फक्त डबा भरायचा आणि पंचांना नावं ठेवायची.

मग एइजिरो गेला. दुकान ताझुको एकटीच चालवू लागली. मी टीव्हीशेजारच्या खिळ्याला लटकले. ताझुको सामने बघायची टीव्हीवर, आवाज मोठा करून, पंचांना नावं तशीच. मला मात्र तिने उघडलं नाही. धाव निघाली की माझ्याकडे नजर जायची आणि ती चहा ओतायला उठायची. माझ्या घड्यांत धूळ साचली, काड्या आखडल्या. वाटलं, संपलं आपलं.

तिची लेक मिनाए राहते टोकियोबाहेर, सैतामाला. आई एकटी राहते हे तिला पसंत नव्हतं. आपल्या घरातली एक खोली तिने आईसाठी रिकामी ठेवली होती आणि दर भेटीत त्या खोलीचं वर्णन करायची. खोलीच्या खिडकीतून गाड्या उभ्या करायची जागा दिसते, हे वर्णनात नसायचं. ते ताझुको स्वतः जोडायची.

यंदा वसंतात मिनाएने शेवटचं बोलायचं ठरवलं. आई, तुला एकटीला झेपत नाही, ती म्हणाली. परवा गॅसवर पातेलं करपलं. ताझुको म्हणाली, पातेलं तुझ्याही घरी करपतं, पण तुला कुणी सैतामाला नेत नाही, कारण तू आधीच तिथे आहेस. बोलता बोलता दोघींची नजर माझ्यावर आली.

"बाबा गेल्यापासून तू एकदाही स्टेडियमला गेली नाहीस," मिनाए म्हणाली. "जमेल का तुला आता?"

असलं काही ताझुकोला विचारू नये.

सौदा तिथेच ठरला. ताझुकोने सामन्याची सहल आखायची, दिवस, तिकिटं, डबा, गाड्या, सगळं एकटीने. कुणाची मदत घ्यायची नाही. सहल नीट पार पडली तर मिनाएने सैतामाच्या खोलीचं नाव काढायचं नाही. घोटाळा झाला तर ताझुकोने मुकाट्याने बोचकं बांधायचं.

दुसऱ्या दिवसापासून घराचं युद्धखातं झालं. सामना निवडला शनिवार दुपारचा, ओसाकावाल्यांशी. त्याला कारण होतं. शेजारचा न्हावी कुराता मूळचा ओसाकाचा. जन्म टोकियोत डोकी भादरण्यात गेला, पण बोलण्यातली ओसाका गेली नाही आणि मनातला तो पिवळा संघही. एइजिरोचा जिवलग मित्र, पण सामन्याच्या दिवशी कुराता त्याची दाढीसुद्धा करायचा नाही. ताझुकोने त्याला आमंत्रण दिलं ते प्रेमाने नव्हे. आमच्या लोकांत बसवून त्याच्या संघाची धुलाई त्याला दाखवायची, हा त्यातला गोडवा.

त्याचे नियम तिने त्याला दुकानात जाऊन, गिऱ्हाईक खुर्चीत असताना ऐकवले. पिवळा सदरा घालायचा नाही. टाळी वाजवायच्या प्लास्टिकच्या बॅटा आणायच्या नाहीत. आणि तुमच्या संघाने धाव काढली तर तोंडातून आवाज येता कामा नये, त्याऐवजी तोंडात काकडी घालायची, मी डब्यातून आणीन.

"आन् लई धावा काढल्या तर?" कुराताने विचारलं.

"तर काकड्या लई खाल," ताझुको म्हणाली.

तिकिटं तिने कोपऱ्यावरच्या चोवीस तास उघड्या दुकानातल्या यंत्रातून काढली. दुकानातला पोरगा मदतीला येत होता, त्याला तिने हातानेच लांब केलं. संध्याकाळी एइजिरोच्या फोटोपुढे तिकिटं ठेवून तिने त्याला सगळं सांगितलं. यंत्राने विचारलं म्हणे, मागची ओरडायची बाकं हवीत तर उजवी बाजू की डावी. "मला विचारतंय," ती फोटोला म्हणाली. "रोज बघते मी. आपले लोक डावीकडे." आणि तिने घंटी वाजवून हात जोडले.

मीही खिळ्यावरून मान डोलावली. रोज मीही टीव्ही बघते. आमचा संघ बसतो तो डाव्या हाताला, स्पष्ट दिसतं.

शुक्रवारी संध्याकाळी कुराता लोणच्याचा रिकामा डबा परत द्यायला आला. फोटोला नमस्कार केला, तिकिटांवर नजर गेली, आणि त्याचा नमस्कार मध्येच थांबला. तिकीट डोळ्यांजवळ नेलं, लांब धरलं, परत जवळ नेलं.

"वैनी, ही तर आमची बाजू की."

ताझुको म्हणाली, तुमचा चष्मा पुसा. त्याने पुसला. बाजू बदलली नाही. मग त्याने समजावलं, आणि मला सांगायला लाज वाटते पण त्याचं बरोबर होतं. स्टेडियममध्ये उजवं-डावं धरतात ते बॅट घेऊन उभ्या असलेल्या खेळाडूच्या नजरेने. टीव्हीचा कॅमेरा असतो नेमका त्याच्या समोर, मैदानाच्या पार पाठीमागे. तिथून सगळं उलटं. टीव्हीतली आमची डावी म्हणजे तिथली उजवी. एइजिरोबरोबर इतकी वर्षं त्याच बाकांवर बसलेली बाई, पण टीव्हीने तिची दिशाच फिरवून टाकली होती. आणि आमच्या बाजूची तिकिटं तर कधीच संपली होती. ओसाकावाल्यांच्या ओरडायच्या बाकांत आमचं हिरवं काही मिरवलेलं चालत नाही, रखवालदार येऊन गुंडाळून ठेवायला लावतात.

ताझुकोने त्याच्या हातून तिकीट घेतलं आणि फोटोमागे सरकवलं.

"मिनाएला हे कळता कामा नये," ती शेवटी म्हणाली.

"न्हाई कळत. पर वैनी, ते नियम?" कुराता दाराशी उभा राहून म्हणाला. त्याचे खांदे हलत होते. "आता कुणाला लागू?"

"नियम म्हणजे नियम," ताझुको म्हणाली. "मी केलेत, मी पाळीन. जा तुम्ही, घाला तुमचा तो पिवळा झगा."

म्हणजे हिरवा सदरा नाही, ओरडणं नाही, आणि सामान आणायचं नाही. सामान म्हणजे मी. तिने रात्रीचं जेवण केलं, भांडी घासली, दिवा मालवायला आली आणि खिळ्यापाशी थांबली. मग मला काढलं आणि डबा बांधायच्या फडक्यात, काकड्यांच्या खाली सारलं. "तू काही बघितलं नाहीस," ती म्हणाली. हे मला, की फोटोला, कळलं नाही.

सकाळी मिनाए आली. ताझुकोने चहा ओतता ओतता सहज सांगितलं की तिकिटं मुद्दाम ओसाकाच्या बाजूची काढलीत. कुराताभावजी म्हातारे झाले, एकटे कुठे जाणार, आपण जरा सोबत करावी. कुराता पिवळ्या सदऱ्यात चहा पीत होता, त्याला ठसका लागला. मिनाएने तिकीट हातात घेतलं, वाचलं, परत ठेवलं आणि म्हणाली, "किती गं तुझं मन मोठं."

स्टेडियममध्ये सुरुवातीला मी पाहिलं काहीच नाही, पण फडक्यातून ऐकलं सगळं. चहूकडे ओसाकाची भाषा, पिपाण्या, ढोल, प्लास्टिकच्या बॅटांचा कडकडाट. एका बाईने ताझुकोला प्रेमाने पिवळा रुमाल देऊ केला. ताझुको म्हणाली, मला पिवळा रंग बाधतो.

आणि त्या दिवशी आमच्या पोरांना काय संचारलं होतं देव जाणे. एरवी एकेका धावेसाठी जीव टांगणीला लावणारी पोरं, त्या दिवशी दुसऱ्या डावापासून सुटलीच. पहिली धाव निघाली. मैदानापलीकडून ते गाणं आलं, माझं गाणं, आणि माझ्या हजारो बहिणी उघडल्याचा सपसप आवाज. माझ्या वरचं फडकं सुटलं. ताझुकोचा हात आत आला, माझ्या मुठीवर टेकला. मग तिने काकडी उचलली आणि तोंडात घातली.

दुसरी धाव, काकडी. पुन्हा धाव, पुन्हा काकडी. आजूबाजूचे ओसाकावाले डोकी धरून बसले होते आणि त्यांच्यात ही एकटी बाई कराकरा चावत होती. शेजारची रुमालवाली म्हणाली, बघा बिचारीला, दुःखाने खातेय. कुराता म्हणाला, "लई मनाला लावून घेत्यात."

सातव्या डावात आमच्या एका धिप्पाड गड्याने चेंडू थेट बाकांत टोलवला. ताझुकोचा हात डब्यात आला. डब्यात एक थेंब पाणी आणि बोटं. काकड्या संपल्या होत्या.

"मी जरा मोरीकडे जाऊन येते," ती म्हणाली आणि फडक्यासकट मला उचलून निघाली.

बाकांमागे, स्वच्छतागृहाकडे जाणारी ती बोळ. ओसाकाच्या बायकांची रांग लागलेली. पलीकडून गाणं चालूच होतं. ताझुकोने मला बाहेर काढलं, कळ दाबली. उघडणार कशी? काड्या आखडल्या होत्या. तिने मांडीवर आपटलं आणि मी फाटकन उघडले. एवढी धूळ उडाली की रांगेतली एक जण शिंकली. आणि ताझुको नाचली. एइजिरोसारखी नाही, नीट, ठेक्यात, वर म्हणजे वर. डोळ्यांतून पाणी गळत होतं आणि तोंडाला काकडीचा वास येत होता.

पिवळ्या टोपीची एक रखवालदार पोरगी धावत आली. बाकांमध्ये हे चालत नाही, तिने वाकून सांगितलं. ताझुको नाचता नाचताच म्हणाली, "हे बाक आहे?" पोरीने भिंतीकडे पाहिलं, जमिनीकडे पाहिलं, पुन्हा वाकली आणि गेली. रांगेतल्या एका ओसाकाच्या म्हातारीने एवढ्यात आपल्या प्लास्टिकच्या बॅटा काढल्या आणि आमच्याच गाण्याला ठेका धरला. इथवर आलेय तर हात मोकळे करते, म्हणाली, आमच्याकडे आज संधी दिसत नाही.

गाणं संपलं आणि ताझुको वळली. मिनाए मागे उभी होती.

"काकड्या संपल्या ना?" ती म्हणाली.

"हो."

"आई, तू टीव्ही बघून डावी बाजू दाबलीस."

ताझुकोने मला मिटलं नाही. "तुला केव्हा कळलं?"

"सकाळी. तिकिटावर लिहिलंय. बाबांच्या खांद्यावर बसून वाढलेय मी उजव्या बाजूला."

"मग बोलली का नाहीस?"

"कुठवर ताणतेस ते बघत होते."

ताझुको ताठ उभी राहिली. घोटाळा झाला होता, सौदा सौदा होता. "मग," ती म्हणाली, "खोली झाडून घे तुझी. मी सोमवारी बोचकं बांधते. पण एक सांगते, दोष टीव्हीवाल्यांचा आहे. माणसाने पाहायचं कुठून आणि हे दाखवतात कुठून."

मिनाएला हसू फुटलं, ते थांबेना, भिंतीला टेकून खाली बसली. मग तिने आईच्या हातून मला घेतलं. बाहेर पुन्हा गाणं सुरू झालं होतं, पुन्हा धाव. मिनाएने मला वर केलं, आणि मी लगेच ओळखलं. सगळ्यांच्या छत्र्या खाली आणि मी वर. अगदी एइजिरो. शेवटच्या वरखालीला, गाणं संपल्यानंतर, तिने मला छताच्या नळावर आपटलं आणि माझी एक काडी कायमची गेली.

"आणि माझ्या घरी येऊन तू काय करशील," मिनाए धापा टाकत म्हणाली, "माझा टीव्ही उलटा करून ठेवशील. राहा इथेच."

"राहतेच आहे," ताझुको म्हणाली.

कुराताने ती काडी दुकानातल्या दोऱ्याने बांधून दिली. त्यामुळे मी आता उघडले की एका बाजूला जरा झुकते. डाव्या की उजव्या, हे तुम्ही कुठून बघता त्यावर.

खिळा तोच आहे. फरक एवढाच की टीव्हीच्या डाव्या कडेला ताझुकोने स्वतःच्या वळणदार अक्षरात एक चिठ्ठी चिकटवली आहे, 'उजवीकडे'. आणि उजव्या कडेला, 'डावीकडे'. घरी येणारी माणसं वाचतात आणि ताझुकोकडे बघतात. परवा गॅसचं मीटर बघायला आलेला माणूस गोंधळून दाराऐवजी फडताळात शिरला.

माझी एकच विनंती आहे. तुमच्या घरी एखादी छत्री खिळ्याला लटकली असेल, ती कशासाठी ठेवलीय हे नीट विचारून घ्या. सगळ्याच पावसाच्या नसतात. आणि दर शनिवारी दुपारी आमच्या दारावरून जाऊ नका. धाव निघाली की आता ताझुको दुकान सोडून मला घेऊन रस्त्यावर येते, आणि त्या वेळी तिच्यासमोर डावं-उजवं काढलेलं तिला खपत नाही.