गाणं संपेपर्यंत

मित्रांनो, माझा डोळा फुटला आहे, म्हणून नाकं मुरडू नका. मी एक जुना फिल्मचा कॅमेरा आहे. हॅम्बुर्गमध्ये विबके हार्म्सच्या खांद्यावर माझी उभी हयात गेली. कारखान्यातून निघालो तेव्हाच एक कारागीर माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाला होता, "गडी दणकट आहे."

विबके माहितीपट काढायची, तेही फक्त गाणाऱ्या-वाजवणाऱ्या माणसांवर. बंदरावरचे म्हातारे अ‍ॅकॉर्डियनवाले, चर्चमधले ऑर्गनवाले, तळघरात बोंबलणारी पोरं, सगळे आम्ही टिपले. तिचा हट्ट एकच, गाणं संपेपर्यंत कॅमेरा थांबवायचा नाही. वादकालाही ती दम भरायची, "मी टिपतेय तोवर हात थांबला तर बघ." आमच्या त्या अखंड चित्रणाचं फार कौतुक झालं. मीही फुगलो.

एका रविवारी दुपारी बंदराजवळच्या तळघरात ओर्टविन नावाच्या पोराचा बँड वाजत होता आणि आम्ही टिपत होतो. तो ड्रमवर होता. गाण्यात त्यांनी मोहल्ल्यातल्या टकलू गुंडांची यथेच्छ टर उडवली होती. तेच गुंड सायकलच्या साखळ्या घेऊन आत घुसले. बाटल्या फुटल्या, गिटारवाल्याचे दात पडले, माणसं एकमेकांना तुडवत जिन्याकडे पळाली.

ओर्टविन मात्र वाजवतच राहिला.

"पळ ना, गाढवा," विबके ओरडली.

"आधी तुझं डबडं बंद कर. तू थांबलीस की मी थांबतो."

"तू वाजवतोयस, मी कशी थांबू?"

आता काय म्हणावं या दोघांना? माझ्या पोटात फिल्म घरघरत होती. तेवढ्यात एका गुंडाची साखळी ओर्टविनच्या डाव्या मनगटावर बसली. हाड कडकन मोडलं, हात लोंबकळला, ड्रमवर रक्त उडू लागलं. तरी उजवा हात चालूच.

गुंडाने त्या उजव्या हातावर साखळी उगारली. तेव्हा विबकेने आयुष्यात पहिल्यांदा गाणं अर्धवट सोडलं. तिने मला खांद्यावरून उतरवलं आणि दोन्ही हातांनी गुंडाच्या कपाळावर हाणलं. पुन्हा हाणलं. माझी काच फुटली, झाकण उघडलं, उजेड आत शिरला आणि सगळी फिल्म वाया गेली. गुंड रक्तबंबाळ होऊन कोसळला.

त्या दुपारचं एकही चित्र उरलं नाही. आवाज वेगळ्या यंत्रावर होता, तो वाचला. माहितीपटात त्या जागी पडदा पांढराफटक राहतो. एका हाताने वाजणारा ड्रम ऐकू येतो, आणि मग धप्प. तो धप्प मी आहे.

विबकेने पुढे नवा कॅमेरा घेतला. मला फळीवर ठेवलं. वाईट वाटलंच. पण ओर्टविन अधूनमधून येतो, उजव्या हाताने माझी धूळ पुसतो आणि विचारतो, "काय रे डबड्या, बरा आहेस ना?" डावा हात त्याच्या खिशातच असतो.

मित्रांनो, यंत्रं जपा, त्यांच्यावर धूळ साचू देऊ नका. पण समोर कुणी मार खात असेल, तर आमची काच जपत बसू नका.