सैल पिळाचा दोर

जावा जावा उभा दावा म्हणतात, पण समोरच्या दोरवाल्यांच्या घरात भांडण असं कधी झालंच नाही. झाला तो नुसता जळफळाट, आणि तोही एकीकडूनच. मी समोर शिवणकाम करते. खिडकीतून मला बरंच दिसतं, आणि जे दिसत नाही ते थोरली सून येऊन सांगते.

आमच्या गावात दिवसाला ताळतंत्र नाही. कधी सूर्य वर येतो आणि दूध उतू जायच्या आत मावळतो. कधी एकाच दिवसात धुणं तीनदा वाळतं तरी संध्याकाळ काही होत नाही. असले दिवस मोजून वर्ष ठरवलं तर कामकरी माणूस मरायचा. म्हणून आम्ही दिवस मोजत नाही, दोर वळतो. सूर्य उगवला की दोरवाल्यांच्या घरची एक बाई ताग घेऊन ओट्यावर बसते आणि दर श्वासाला एक पीळ घालते. मावळला की गाठ मारते. लांब दिवसाचा दोर लांब, आखूड दिवसाचा आखूड. रात्र मोजायची नाही, झोपेचा हिशेब कोण ठेवणार. हा दोर चौकातल्या सभागृहाभोवती खुंट्यांवरून लावत न्यायचा. टोक फिरून सुरुवातीला भिडलं की वर्ष भरलं. भाडी, पगार, करार, सगळं त्या दोरावर.

थोरलीचा नवरा खाणीवर गेलाय, वर्षाच्या करारानं. दोर भिडल्याशिवाय तिथून कुणाला सोडत नाहीत. आणि आमचा जुना नियम असा, की ज्याचं माणूस दोरावर अडकलंय त्यानं दोर वळायचा नाही. वाट बघणाऱ्याचा श्वास सारखा चालत नाही म्हणे. सासऱ्यांची बोटं केव्हाच आखडलेली. त्यांनी थोरलीच्या हातातला ताग काढून धाकटीच्या हातात दिला.

नियम थोरलीला पाठ होता, तरी तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. लग्न झाल्यापासून ओट्यावरची ती जागा तिची. आता तिथं धाकटी. वर धाकटीचा नवरा इथंच सुतारशाळेत कामाला, म्हणजे त्यानं ऊन असतानाच घरी यायचं, ओट्याच्या कडेला बसून बायकोशी हसत बोलायचं आणि हिनं आत भांडी घासत ते ऐकायचं. सासरे येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायचे, धाकटीचा हात कसा लोण्यासारखा चालतो. थोरली माझ्याकडे येऊन म्हणायची, लोणीच लावते ती म्हाताऱ्याला, हात कसला चालतोय. मी म्हटलं, अगं, वर्षाचा तर प्रश्न आहे. तर माझ्यावरच डोळे वटारले. मग मी नाद सोडला.

रोज संध्याकाळी ती चौकात जायची आणि दोराच्या टोकापासून सुरुवातीपर्यंत किती भिंत मोकळी राहिली ते वितेनं मोजायची. भिंत कमी होत होती. तिला बरं वाटायला हवं होतं. पण मोकळ्या भिंतीत तिला नवरा दिसायचा आणि दोराकडे पाहिलं की धाकटीचे हात दिसायचे.

एके दिवशी तिनं भिंत सोडून दोरालाच हात लावला. चिमटीत धरला आणि तिच्या जाणत्या बोटांना कळलं, पीळ सैल आहे. पुढं धरून पाहिला, मागं धरून पाहिला, सगळीकडे सैल. तिथून ती थेट माझ्याकडे आली. तिचा चेहरा इतका खुललेला मी तिचा नवरा खाणीवर गेल्यापासून पाहिला नव्हता. मी म्हटलं, बस, पाणी पी, मग बोल. ती कसली बसतेय.

भर बाजाराच्या वेळी तिनं सासऱ्यांना चौकात आणलं.

“मामंजी, हात लावून बघा,” ती सगळ्यांना ऐकू जाईल अशा बेतानं म्हणाली. “हा तुमच्या लाडक्या सुनेचा दोर. आहे का पीळ यात?”

म्हातारा भिंतीच्या आधारानं, दोर चाचपत, सबंध फेरी फिरून आला. टोक भिडायला जेमतेम हातभर जागा उरली होती. त्यांनी धाकटीला बोलावून घेतलं. ती आली, तशीच, हातांना तागाचा कोंडा. आळस केलास का, असं त्यांनी विचारलं. तिनं मान हलवली.

“सैल वळला की दोर लांबतो, घट्ट वळला की आखडतो,” ती खाली बघत म्हणाली. “जाऊबाई रोज इथं भिंत मोजत उभ्या असतात. मला बघवेना. म्हटलं, भाऊजी तेवढेच लवकर येतील.”

थोरलीनं धरलेला दोर सोडून दिला.

दोर उतरवून पुन्हा घट्ट पिळायला घेतला. खाणीवर ज्यांची माणसं होती त्या बायका मागं सरणाऱ्या टोकाबरोबर चालत होत्या. टोक मुख्य दारापाशी आलं, दार ओलांडून गेलं आणि पार पलीकडच्या कोपऱ्याशी थांबलं. मग त्या बायका थोरलीकडे न बघता घरी गेल्या.

दोर आता तू वळ, असं सासऱ्यांनी थोरलीला सांगितलं.

“माझं माणूस अडकलंय त्यावर,” ती म्हणाली. “नियम आहे, मामंजी.”

“सैल पीळ तूच पकडलास. तुझ्यावर कोण संशय घेईल?”

हवी होती ती जागा तिला मिळाली. आता धाकटी आत भांडी घासते आणि थोरली ओट्यावर बसून दर श्वासाला एक पीळ घालते. जाता-येता जो तो दोर चिमटीत धरून बघतो. ते तिनंच शिकवलंय सगळ्यांना. सुतारशाळा सुटली की धाकटीचा नवरा येतो आणि आता थेट आत जातो. आतून दोघांचं हसणं ऐकू आलं की थोरलीची मान खाली जाते, दात आवळले जातात आणि पीळ घट्ट होत जातो. काल सासऱ्यांनी दोर चाचपून म्हटलं, पोरी, जरा सोड, इतका घट्ट नको, तुझंच टोक मागं राहतंय. मी खिडकीतून ऐकलं. तिचं लक्ष आतल्या हसण्याकडे होतं.