दीड परस पाणी

पाहणीला आलेल्या साहेबांनी दोरीला दगड बांधला आणि विहिरीत सोडला. खालून पाण्याचा आवाज आला तसे सरपंच आबासाहेबांनी डोळे मिटून घेतले. दगड तळाला टेकल्यावर साहेबांनी दोरी वर ओढली, तिचा ओला भाग हातांनी मोजला आणि कागदावर लिहिलं.

"दीड परस पाणी आहे, उभा माणूस बुडेल एवढं. टँकर मंजूर होणार नाही."

"साहेब, ही बौद्धवाड्यातली विहीर हाय," आबासाहेब म्हणाले.

"गावाच्या हद्दीत आहे ना?"

"हाय."

"मग गावाला पाणी आहे."

साहेब जीपमध्ये बसून निघून गेले. हद्दीतल्या एका जरी सार्वजनिक विहिरीला पाणी असलं तर टँकर नाही, असा नियम. नियम करणाऱ्याला गाव म्हणजे एकच गाव वाटलं, त्यात त्या बिचाऱ्याची तरी काय चूक.

सरूबाई काठाशी उभी राहून हे ऐकत होती. पंचायतीत ती बौद्धवाड्याची सदस्य होती. ही विहीर तिच्या सासऱ्यांनी, आश्रुबांनी, वाड्यातली माणसं हाताशी घेऊन बहात्तरच्या दुष्काळात खणलेली. त्याआधी वाड्यातल्या बायका मारुतीपुढच्या आडापासून दहा हात लांब घागरी मांडून बसायच्या. कुणाला दया आली तर तो वरून पाणी ओतायचा, नाही आली तर ऊन कलेपर्यंत बसायचं. यंदा एप्रिलातच आड कोरडा पडला, बोअरमधून नुसता फुफाटा येऊ लागला, आणि गावातल्या बायका कोसभर लांब, ओढ्यात उकरलेल्या झिऱ्यावर जाऊ लागल्या. आठवड्यापूर्वी म्हातारी कौशल्याबाई घागरीसकट घसरली आणि तिचं खुब्याचं हाड मोडलं. तरी बौद्धवाड्याच्या विहिरीकडे कुणी फिरकलं नव्हतं. कुणी कुणाला तसं सांगितलेलं नव्हतं. सांगावंच लागलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी पंचायतीत बैठक बसली. तहान लागल्यावर विहीर खणू नये म्हणतात. इथं तहान लागली म्हणून असलेली विहीर उपसायचं ठरत होतं.

"दोन दिस इंजिन लावायचं," आबासाहेब म्हणाले. "विहीर कोरडी दाखवली की परत पाहणी लावतो. टँकर हातोहात मिळंल."

"आन् पाणी?" सरूबाईनं विचारलं.

"सांडून कशाला द्यायचं? खालच्या अंगाला माझा ऊस हाय, लई वाळलाय. एक पाणी भेटलं तर जगंल."

आबासाहेब सहकारी कारखान्याचे संचालक होते. ऊस कमी लावा, पाणी वाचवा, असा ठराव कारखाना दरसाल करायचा आणि त्याला अनुमोदन दरसाल आबासाहेबांचंच असायचं.

"त्यापरीस गावानं आमच्या विहिरीवर यावं," सरूबाई म्हणाली. "जपून वापरलं तर समद्यांना महिनाभर पुरंल. आमी कुणाला अडवलंय?"

एकानं चपलेतला खडा काढला. ग्रामसेवक मोहनरावांनी पेनाचं टोपण काढलं आणि परत लावलं.

"लांब पडतं," शेवटी एक सदस्य म्हणाला.

झिरा कोसभर होता. विहीर मारुतीपासून तीनशे पावलं. सरूबाईला आधी हसू आलं. एवढी वर्षं उलटली तरी ही तीनशे पावलं कुणाला तुडवता येत नव्हती. मग तिला भयंकर संताप आला आणि त्या संतापाचं काय करायचं ते तिला कळेना.

"सही करा सरूबाई. वॉर्ड तुमचा हाय, तुमच्या सहीबिगर ठराव व्हायचा न्हाई. टँकर काय एकट्या आमालाच येणार हाय का?"

आबासाहेबांच्या आवाजात धाक नव्हता. त्याची गरजही नव्हती. वाड्यातली निम्मी माणसं त्यांच्याच रानात राबत होती. सरूबाईनं एक दिवस मागून घेतला.

आश्रुबा विहिरीच्या काठावर पाय पसरून बसले होते. त्यांची ती रोजचीच जागा. सुनेनं सगळं सांगितलं.

"न्हाई म्हणलीस तर कामं बंद करतील," मग ते म्हणाले. "व्हय म्हण. पर टँकर कुठं वतनार, त्येवढं इचार. आडात वतला तर आपल्या बायका परत घागरी मांडून बसतील."

सकाळी सरूबाई पंचायतीत गेली आणि ठरावाचा कागद पुढ्यात आला तरी तिनं पेन उचललं नाही.

"कोणची विहीर कोरडी पडली तिचं नाव घाला," ती मोहनरावांना म्हणाली. "टँकर त्याच विहिरीत वतायचा, ह्ये बी लिवा."

"तसंच लिहावं लागतं, बाई. जी कोरडी, तिच्यासाठीच टँकर."

"लिवा की," आबासाहेब म्हणाले. कागदावर काही का असेना, ड्रायव्हर आपण दाखवू तिथं ओतणार, याची त्यांना खात्री होती. आजवर त्यांचं तसंच चालत आलं होतं.

मोहनरावांनी लिहिलेलं सरूबाईनं मोठ्यानं वाचून घेतलं आणि मग सही केली.

त्याच दुपारी इंजिन लागलं. वाड्यातल्या बायकांनी हंडे, पिंपं, परातीसुद्धा भरून घेतल्या. भांडी संपली, तरी पाणी येत राहिलं आणि पाटानं खाली उसाकडे जात राहिलं. आश्रुबा दोन दिवस काठावरून हलले नाहीत. तिसऱ्या सकाळी इंजिन कोरडं फडफडलं तेव्हा ते वाकून आत पाहू लागले. तळाच्या खडकावर पहारीचे घाव चाळीस वर्षांनी उघडे पडले होते.

"त्यो कोपरा माझा," त्यांनी सुनेला बोटानं दाखवलं. सरूबाईला मान वर करवेना.

साहेब परत आले. या खेपेला दगड खट्टकन खडकावर वाजला. सरकारी काम, सहा महिने थांब म्हणतात, पण हे काम आठ दिवसांत झालं. ते आठ दिवस वाड्यातल्या बायकाही झिऱ्यावर गेल्या. गावातल्या बायकांचं भरून होईपर्यंत त्या मागं थांबायच्या आणि तळाचं गढूळ पाणी घेऊन यायच्या.

टँकर आला तेव्हा सगळं गाव आडाभोवती घागरी घेऊन जमलं होतं. आबासाहेबांनी हात करून ड्रायव्हरला जागा दाखवली. ड्रायव्हरनं खिशातला कागद काढून वाचला.

"हितं न्हाई. बौद्धवाड्याची विहीर लिवलीय."

"मी सरपंच हाय. मी सांगतो, वत हितं."

"गाडीला जीपीएस हाय, मालक. दुसरीकडं थांबली की तालुक्याला दिसतं. माझी खेप बाद हुईल."

आबासाहेबांनी मोहनरावांकडे पाहिलं. मोहनराव टायरकडे पाहत होते. टँकर वळून खाली वाड्याकडे निघाला. थोडा वेळ कुणीच हललं नाही. मग एक बाई निघाली, मागोमाग दुसरी, आणि बघता बघता धुरळ्यातून सारं गाव टँकरमागं चालू लागलं.

पाणी विहिरीत पडलं. बायकांनी काठावर गर्दी केली, पण पहिली घागर कुणी सोडेना. सगळ्याजणी सरपंचांच्या बायकोकडे, गीताबाईंकडे पाहत होत्या. गीताबाई डोक्यावरचा पदर सावरत पुढं आल्या, आत डोकावल्या आणि दोर हातात घेऊन उभ्या असलेल्या सरूबाईच्या अगदी जवळ सरकल्या.

"सरूबाई," त्या हळूच म्हणाल्या, "ह्ये समदं टँकरचंच हाय न्हवं? तुमचं खालचं, जुनं तर न्हाई ना यात?"

सरूबाईनं त्यांच्याकडे पाहिलं. गीताबाईंचे ओठ उन्हानं फुटले होते, कडेवरची घागर रिकामी होती.

"न्हाई वहिनी," ती म्हणाली. "आमचं समदं तुमच्या उसाला गेलं."

सरूबाईनं पुढं केलेला दोर गीताबाईंनी घेतला आणि घागरीच्या गळ्याला फास लावला. काठावर बसलेल्या आश्रुबांनी पाय आखडून त्यांना जागा करून दिली.