यादीबाहेरची गल्ली

कोण मत देईल आणि कोण नाही, याला शंभरपैकी गुण देण्याचं गणित माझं आहे. मी विद्यापीठात राज्यशास्त्र शिकवते. टेक्सासच्या या सरहद्दीवर आमची मेक्सिकन माणसं मतदानाला का जात नाहीत, यावर माझं जाडजूड पुस्तक आहे. नगरपालिकेच्या निवडणुकीत आमच्या उमेदवाराचा प्रचार यंदा माझ्याच गणितावर चालला होता. तीसच्या खाली गुण असले की त्या दारी जायचं नाही, वेळ फुकट जातो.

सोमवारी कुठल्या दारी जायचं याची अंतिम यादी हातात पडली. आईच्या गल्लीतलं एकही घर तिच्यात नव्हतं. आईला अकरा गुण होते.

मी तडक तिच्याकडे गेले. ती तमालेसाठी मक्याचं पीठ मळत होती.

"आई, नागरिक झालीस त्याच दिवशी मतदारयादीत नाव घातलंस. नऊ वर्षांत एकदाही मत दिलं नाहीस?"

"बोलावलं कोणी?" ती म्हणाली. "साधं बारसं असलं तरी लोक दारी येऊन सांगतात. आगंतुकासारखी जाऊ होय?"

"मतदानाला बोलावणं लागत नाही गं."

"मग त्या कालव्यापलीकडच्या बंगलेवाल्यांकडे तुमची माणसं तीन-तीनदा कशाला जातात?"

ही माणसं मत देत नाहीत म्हणून आम्ही जात नव्हतो, आणि आम्ही जात नाही म्हणून ती देत नव्हती. आणि हे गणित मांडलं होतं मी, याच आईच्या, एवेलिया त्रेविन्योच्या पोरीनं. मला स्वतःची लाज वाटली, आणि मग भयंकर राग आला.

प्रचारप्रमुख ड्वेनला तिथूनच फोन लावला.

"मॅडम, भावनेच्या भरात जाऊ नका," तो म्हणाला. "त्या गल्लीत वेळ घालवला तर जागा हातची जाईल. खापर तुमच्यावर फुटेल."

"फुटू दे. यादीखाली ती करणारी म्हणून माझं नाव आहे, ते काढा. या गल्लीत दारोदार मी जाते."

फोन ठेवून आईकडे वळले. "घे, आता मी बोलावते. येशील ना?"

"मी येईन, पोटची पोर बोलावते म्हणून. समोरच्या चेलोला कुठे पोर आहे?"

तिनं हात धुतले, चर्चला जायचे बूट चढवले आणि माझ्यापुढे रस्ता ओलांडला.

चेलोनं जाळीचं दार अर्धंच उघडलं. माझ्या हातातले कागद बघून तिच्या कपाळाला आठ्या पडल्या.

"मला काही घ्यायचं नाहीये, एवेलिया. कोणी पाठवलं तुम्हाला?"

"कोणीच नाही," आई म्हणाली. "म्हणून तर आलो."